कडा कापलेले कागद

सातशे वर्षांपूर्वी उत्तर युरोपात कुणीतरी कातड्याच्या पानांवर आपल्या मुलखाचा कायदा लिहून ठेवला, तोही रून लिपीत. उभ्या-तिरप्या रेघांची ती अक्षरं मी पोलादपुरात बसून वाचते. शाळेत शिकवायला जाण्याआधी, रोज एक पान. संगणकावर डावीकडे पानाचा फोटो, उजवीकडे अभ्यासकांनी उतरवलेला मजकूर. उजवी बाजू आधी झाकते. स्वतः वाचते, अडलेलं वहीत लिहिते, मगच ताडून बघते.

त्या डिजिटल आवृत्तीत काहीही वगळलेलं नाही. डाग, ओळी आखण्यासाठी कडेला टोचलेली भोकं, नंतरच्या कुणीतरी समासात केलेली खरड, सगळ्याचे फोटो, शेजारी मोजपट्टी. ते बघूनच मला तुडीलला मामांच्या घरी असलेलं मोडी कागदांचं बोचकं आठवलं. मामा आता नाहीत. मामेभावाला फोन केला, येत्या रविवारी फोटो काढायला येते म्हणून सांगितलं. मोजपट्टी, काळं कापड, क्रमांकाच्या चिठ्ठ्या, सगळं पिशवीत भरून गेले.

त्याने हसत एक चकचकीत गठ्ठा पुढे ठेवला.

"ताई, तू येणार म्हणून लॅमिनेशन करून आणलं. आता शंभर वर्सं काय होत नाय."

सगळे कागद एका मापाचे झाले होते.

"कडा कुठेत?"

"बसत नव्हत्या, कापल्या. त्यावर काय नव्हतं गो, बारीक खरडलेलं फक्त."

"आणि मागची बाजू?"

"पाठीला पाठ लावून दोन-दोन घातले."

आतून वहिनी म्हणाली, "मी सांगत होते, त्यांना येऊ दे. पण यांना हौस!"

परक्या देशातल्या लोकांनी डागसुद्धा जपले आणि आमच्या घरच्यांनी अक्षरं कापून टाकली. मी ओरडले. काय काय बोलले ते लिहीत नाही. तो उलट म्हणाला, "फोटोच काढायचे ना? काढ की!" काढला. प्लॅस्टिकवर खिडकीचा उजेड तेवढा आला.

"सगळे संपवलेस?"

"नाय, थोडे हायत महाडला दुकानात. आज करून देतो बोललाय."

चहा तसाच ठेवून स्कूटर काढली. दुकानात यंत्र तापलेलंच होतं. "मॅडम, दहा मिनिटं," दुकानदार म्हणाला. मी कागद त्याच्या हातातून अक्षरशः ओढून घेतले. अकरा होते, कडांसकट. कापलेल्या पट्ट्या मागितल्या, तर कचरा आदल्या दिवशीच गेला होता.

तिथेच भावाचा फोन आला. "ताई, रागावलीस काय?"

"हो. आणि हे अकरा आता माझ्याकडेच राहतील."