कानात कापूस घालून केलेली सोंगणी

भूतबित, चकवा, अंगात येणं... यातलं मी काही मानत नाही. आजही नाही. माझं माहेर बुलढाण्याचं, वडील शिक्षक. अमावस्येला नखं कापली तरी आमच्या घरात कुणी काही बोलत नसे. त्यामुळे हे लिहिताना माझं मलाच चमत्कारिक वाटतंय. पण जे या डोळ्यांनी पाहिलं, ते पाहिलंच नाही असं तरी कसं म्हणू?

महाराष्ट्र राज्य नवं-नवं होतं तेव्हाची गोष्ट. लग्न होऊन मी पिंपळगाव राजाजवळच्या एका खेड्यात आले होते. आमचे हे नोकरीला अकोल्यात, सासरे पाय मोडून खाटेवर. घर आणि वावर, दोन्ही सासूबाईंच्या अंगावर. त्यांना मी आत्याबाई म्हणायचे. अंगानं ठेंगण्या, पण हाक मारली की तिसऱ्या वावरातला माणूस ओ द्यायचा.

दिवाळी होऊन गेली होती आणि ज्वारीची सोंगणी, म्हणजे कापणी, चालू होती. आभाळ अधूनमधून भरून येत होतं. कापायला आलेल्या ज्वारीवर पाऊस पडला की दाणा काळा पडतो, म्हणून सगळी घाई.

त्या दिवशी मजूरबायांसाठी पाणी घेऊन मी बांधावर उभी होते. सूर्य नुकताच बुडाला होता. आणि पूर्वेकडे, आमच्या वावराच्या बरोबर वर, उजेडाचे उभे पट्टे दिसायला लागले. वाळत घातलेली लुगडी वाऱ्यानं हलावीत तसे हलत होते. रंग पितळी, मधूनच हिरवट. आणि आवाज... परातीच्या काठावर टिचकी मारली की घुमतो ना, तसा — पण न थांबणारा. पट्टा उजळला की आवाज चढायचा, मंदावला की उतरायचा.

मी घाबरून डोळे गच्च मिटले — आणि आवाज बंद! डोळे उघडले, परत सुरू. मग कानांत बोटं घातली, तर समोर साधं संध्याकाळचं आभाळ. उजेडच नाही. बोटं काढली की पट्टे होते तिथेच. मी पुन्हा पुन्हा करून पाहिलं. दर वेळी तेच.

बाया विळे टाकून पळाल्या. त्यांतल्या शेवंतीला ताप भरला आणि सकाळपर्यंत गावभर झालं. एक जाणते म्हातारे ओसरीवर येऊन सांगून गेले, "बाई, यंदा त्या वावरात पाय ठेवू नका. आभाळानं मागतली ते ज्वारी. उभीच राहू द्या."

आत्याबाई सुपात धान्य पाखडत होत्या. हात न थांबवता म्हणाल्या, "आभाळानं पेरली होती का? पेरली मी, निंदली मी. सोंगणार बी मीच."

आम्ही दोघीच गेलो. मला धड विळा धरता येत नव्हता. आत्याबाई दोन ओळी पुढे जायच्या, मी मागे पेंढ्या बांधायचे. दिवस बुडाला आणि पुन्हा ते सुरू झालं. माझ्या हातातली पेंढी सुटली.

"आत्याबाई, घरी चला ना..."

"काऊन?"

"तुम्हाला दिसत नाही का?"

"दिसते. आयकूबी येते. पण मंग ज्वारी कोन सोंगन?"

मी त्यांना बोटांचं सांगितलं. त्यांनी कानांत बोटं घातली, वर पाहिलं, काढली, परत घातली. मग शेजारच्या पऱ्हाटीत, म्हणजे कपाशीत, गेल्या, एक बोंड तोडलं, सरकी काढून कापूस दोन्ही कानांत कोंबला आणि वर पाहिलं.

"गेलं वं!" त्या एवढ्या मोठ्यानं ओरडल्या की मी दचकले. मग माझ्याही कानांत कापूस गेला.

दुसऱ्या दिवशी त्या मूठभर कापूस घेऊन दारोदार फिरल्या. मी सोबत होते. शेवंती तापातून उठून दारात बसली होती.

"नाही मावशी, मी नाही येत. मले लेकरं हायेत."

"मलेबी हायेत. हा कापूस कानात घाल अन् पाह्य. काही दिसलं तं विळा टाकून घरी जाय, मी काही म्हननार नाही."

शेवंतीनं कापूस हातात घेतला, बराच वेळ चोळत बसली, आणि उठली.

मग रोज दिवस कलला की आम्ही सगळ्या कानांत कापूस घालून अंधार पडेपर्यंत काम करायचो. बोलणं हातवाऱ्यांनी. कुणाला काही दिसलं नाही. बैल मात्र त्या वेळी चारा सोडून, कान टवकारून पूर्वेकडे तोंड करायचे. ते पाहिलं की माझ्या अंगावर काटा यायचा... पण हात थांबवायचा नाही, असं मी मनाशी ठरवलं होतं.

शेवटची पेंढी बांधून झाली. बाया घरी गेल्या. आत्याबाई बांधावर बसल्या आणि त्यांनी कानांतला कापूस काढून टाकला.

"अहो, काय करता?"

"काम झालं. आता पाहू दे."

मीही कापूस काढला. पट्टे होते. किती वेळ बसलो ते सांगता येणार नाही. आत्याबाईंनी माझं मनगट एवढं घट्ट धरलं होतं की बांगड्या रुतल्या. तेव्हा कळलं, त्याही इतके दिवस घाबरलेल्याच होत्या.

त्यानंतर ते पुन्हा कधी आलं नाही. माझा मुलगा फिजिक्स शिकवतो. धुळीवर पडलेला उजेड, विजेच्या तारांचा आवाज, असं बरंच काही तो सांगतो. तेव्हा आमच्याकडे तारा नव्हत्याच. आणि कान झाकले की उजेड का जायचा, असं विचारलं की तो पुन्हा धुळीवरच येतो. मी ताणत नाही. शेवंती कधीच गेली, आत्याबाईही गेल्या. ते काय होतं हे विचारायला आता मी एकटीच उरलेय, आणि मलाही अजून ठाऊक नाही.