सात नंबरची प्रत

पहिल्या वर्षाला रसायनशास्त्राचं कोणतं पुस्तक लावायचं हे ठरवायला समिती नेमली, आणि अध्यक्षपदी विभागप्रमुख सरांनाच बसवलं. गेली बावीस वर्षं लागलेलं पुस्तकही सरांचंच. म्हणजे आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं, एवढं कागदावर आणायचं काम. पण सर पडले तत्त्वाचे. पक्षपात करायचा तर तोही नियमानं, अशा मताचे.

"चांगलं-वाईट ठरवणारे आपण कोण?" ते बैठकीत म्हणाले. "ग्रंथालयात जाऊन पानांच्या कडा बघू. हात लागून काळ्या झाल्या असतील, तर पुस्तक वाचलं जातंय."

सगळ्यांनी माना डोलावल्या. निकाल काय लागणार हे सरांना ठाऊक होतं. निवृत्तीला दोन वर्षं उरली होती, आणि आपल्यामागे पुस्तक टिकावं एवढीच त्यांची इच्छा होती. बायको घरी त्या पुस्तकाला 'थोरले चिरंजीव' म्हणायची.

ग्रंथपाल बाईंनी सरांच्या पुस्तकाच्या दहा प्रती टेबलावर मांडल्या. नऊ प्रती तिसाव्या पानापर्यंत मळलेल्या, पुढे पांढऱ्याशुभ्र. सात नंबरची मात्र शेवटपर्यंत काळी, दोनदा बांधून घेतलेली.

"हिच्यासाठी मुलं नंबर लावतात," बाई म्हणाल्या. "बाकीच्या कुणी नेत नाही."

सरांनी कौतुकानं ती उघडली. त्यांच्या सात ओळींच्या व्याख्येशेजारी पेन्सिलनं बारीक अक्षरात लिहिलं होतं : 'घाबरू नका. डझन म्हणजे बारा, तसा मोल म्हणजे एक ठरलेला आकडा. फक्त फार मोठा.' पुढे एका गणिताजवळ : 'सर इथे एक पायरी गाळतात. ती अशी.' सरांनी गणित पाहिलं. पायरी खरंच गाळली होती.

अक्षर ओळखीचं होतं. प्रयोगशाळेतल्या प्रत्येक बाटलीवर तेच होतं. तिथला सहायक विद्यार्थी असताना सरांनीच त्याला याच विषयात दोनदा नापास केलं होतं, आणि मग उपकार म्हणून तिथे चिकटवलं होतं.

सर प्रत घेऊन खाली प्रयोगशाळेत गेले, तेव्हा सहायक काचनळ्या धूत होता. सरांच्या हातातली प्रत बघून त्याचं तोंड उतरलं.

"पेन्सिलचंच आहे सर. आत्ता खोडून देतो."

"कधी लिहिलंस?"

"दुसऱ्यांदा नापास झालो तेव्हा. म्हटलं, मागून येणाऱ्यांना तरी कळू दे."

सरांना लाज वाटली. इतकी, की "खोडू नकोस" एवढंच कसंबसं म्हणून ते जिना चढून गेले.

पुढच्या बैठकीत त्यांनी आपलं पुस्तक बाजूला सारलं आणि एक साधंसं पुस्तक पुढे केलं. कारण विचारल्यावर म्हणाले, "याचे समास रुंद आहेत." सर विनोद करायला लागले म्हणून सगळे हसले.

नव्या पुस्तकाची पहिली प्रत आली, तशी सर ती घेऊन खाली प्रयोगशाळेत गेले. सोबत टोक केलेल्या दोन पेन्सिली होत्या.

"हे तरी सोपं आहे का सर?" सहायकानं पानं चाळत विचारलं.

"मला काय माहीत? मला सगळंच सोपं वाटतं," सर म्हणाले. "म्हणून तर तुझ्याकडे आलो."