तोफांच्या नकाशातली विहीर

आमची विहीर दुसऱ्या महायुद्धात गेली. बॉम्ब पडून नव्हे. कुठल्यातरी टेबलावर नकाशा पसरून कुणा साहेबाने ठरवलं की ब्रह्मदेशच्या आघाडीवर जाणाऱ्या तोफखान्याला सरावासाठी नाशिकजवळच्या या टेकड्या बऱ्या आहेत. टेकड्यांच्या पोटात आमची वस्ती होती. नकाशावर ती दिसली तरी असेल का, कोण जाणे.

वस्ती उठवण्याची दवंडी माझ्या आजोबांनी दिली. दवंडी देणं हे महारकीचं काम, मग ती कुणाच्याही घराची असो. स्वतःचं घर मोडणार हे स्वतःच्याच तोंडाने गावभर ओरडून सांगायचं! आजोबांनी ते सांगितलं. "लढाई संपेपर्यंत" एवढे शब्द मात्र त्यांनी दोन-दोनदा म्हटले, असं आत्या सांगायची.

लढाई संपली. आमच्या माणसांनी गाठोडी बांधून ठेवली. बोलवायला कुणी आलं नाही. युद्धाचा बेत आखणारे एक लढाई संपवतात तेव्हा पुढचीचा नकाशा त्यांच्या टेबलावर आधीच आलेला असतो, हे अडाणी माणसांना कुणी सांगायचं? इंग्रज गेला, टेकड्या तोफांकडेच राहिल्या. मग चीन झाला, पाकिस्तान झाला, पुन्हा पाकिस्तान झाला. दर वेळी गाठोडी सुटत गेली.

जमिनीचं आत्याला फारसं काही नव्हतं. होतीच केवढी! तिचा जीव विहिरीत. ती विहीर आमच्या लोकांनी खणली होती, दगड आमच्या लोकांनी बांधले होते आणि तिथे आमच्या बायका आपल्या हाताने पाणी शेंदत होत्या. गावाच्या कडेला येऊन पडल्यावर सगळं उलटं झालं. गावच्या विहिरीवर खाली उभं राहायचं, वरून कुणीतरी हंड्यात ओतायचं. माझ्या वेळेपर्यंत कायदा आला होता, त्यामुळे तोंडाने कुणी अडवत नव्हतं. फक्त आमचा नंबर आला की दोर कुणाचातरी असायचा आणि तो घरी न्यायचा असायचा.

सत्तरच्या दशकाच्या मध्यावर मी नाशिक रोडला शिकत होते आणि स्टेशनबाहेर पत्रकं वाटत होते. आत्या मला पुढारीणबाई म्हणायची. विहीर सरावाच्या हद्दीच्या अगदी काठावर होती, तिकडे कधी गोळा पडल्याचं कुणाला आठवत नव्हतं. तेवढाच मुद्दा धरून आम्ही अर्ज केला. छावणीतून निरोप आला, पाहणीला येऊ.

"येऊ दे," आत्या म्हणाली. "पण विहीर अशी दिसली पाह्यजे की तिला माणसं हायेत."

चौदा एप्रिलची जयंती जवळ आली होती. जयंतीआधी आमच्यात घराघराला चुना लागतो, चुन्यात चिमूटभर नीळ. आत्याने ठरवलं, औंदा विहिरीच्या कठड्यालाही लावायचा. सगळ्यांना पटलं. मलाही पटलं, माझ्या पत्रकातल्या चार पानांपेक्षा जास्त पटलं.

टेकडीवर लाल निशाण नसलं की गुरं चारायला, गवत कापायला आत जाऊ देत. तशा एका रविवारी आम्ही डबे आणि कुंचे घेऊन गेलो. कठडा खरवडला, आतून-बाहेरून हात मारला. तो वाळला तसा आत्याने आणखी एक मारायला लावला.

"आत्या, लगीन लावती का काय विहिरीचं?" चुलत भाऊ म्हणाला.

"लगीन नाय रे. म्हायेरी आणायचीय तिला. मार तू, त्या अंगाला राह्यलंय. रस्त्यावरनं दिसली पाह्यजे."

दिसली. रस्त्यावरून दिसली, पलीकडच्या टेकडीवरून दिसली, सगळीकडून दिसली.

पाहणीला कुणी आलं नाही. पावसाळा गेला. शेवटी आत्याला घेऊन मीच छावणीत गेले. साहेब तरुण होता, सभ्य होता. खुर्च्या दिल्या, चहा मागवला. मग त्याने नकाशा उघडला आणि आमच्या विहिरीवर बोट ठेवलं.

"बहुत बढ़िया निशान है ये," तो म्हणाला. बोडक्या टेकड्यांवर नव्या पोरांची नजरच ठरत नव्हती. आता कुठूनही हा पांढरा गोल दिसतो. सगळी अंतरं तिथूनच मोजतात, सगळे हिशेब तिच्यावरून बसवलेत. "उस पर एक भी गोला नहीं गिरेगा, माताजी. मेरी ज़िम्मेदारी."

"काय म्हणतो?" आत्याने विचारलं.

"म्हणतो, विहीर सांभाळू."

"मग देणार?"

"नाही देणार."

मी विचारलं, किती वर्षं? तो म्हणाला, "अगली लड़ाई कब होगी कौन जानता है, बहनजी? तैयारी तो रखनी पड़ती है।" मग मी बोलले. दवंडीपासून दोरापर्यंत सगळं सुनावलं, साम्राज्यवाद काढला, महायुद्ध काढलं. त्याने शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि म्हणाला, आप ठीक कहती हैं. शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं.

बाहेर आल्यावर आत्या एवढंच म्हणाली, "चुना नसता लावला, तर?"

नसता लावला तरी दिली नसती, असं मी म्हणाले. ते खरं असेलही. तिला ते पटलं नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही तेव्हा पटलं नव्हतं.

आम्ही आणखी अर्ज केले. ऐंशी साल उलटलं, साहेब बदलले, नकाशा तोच. जयंतीच्या आधी एकदा आत्याबरोबर रस्त्याने चालले होते. तिच्या डोक्यावर रिकामा हंडा. लांबवर विहीर उन्हात लखलखत होती. आमच्यातलं कुणी गेलं नव्हतं, शिपायांनीच तिला नवा चुना दिला होता.

आत्या डोळ्यांवर हात धरून बघत राहिली.

"नीळ नाय घातली त्यांनी," ती म्हणाली, आणि गावच्या विहिरीकडे वळली.