आत्याचं संत्र्याचं कॉकटेल

अख्ख्या सोलापूर जिल्ह्यात दारूचा थेंबही न चाखता दारूवर अधिकारवाणीनं बोलणारी बाई एकच, आणि ती माझी सख्खी आत्या. व्होडका कशात मिसळते, रम कशात मिसळायला गेलं की बिघडते, बर्फ कधी फोडायचा आणि कधी अख्खा ठेवायचा, हे ती शेंगाचटणी कुटता कुटता सांगते. चव न घेता हे सगळं कळतं कसं, असं विचारलं तर ती तुमच्याकडे कीव आल्यासारखी बघते. तिला चव जिभेवर लागत नाही, समोरच्याच्या तोंडावर दिसते. माझ्या हातात पेला देऊन ती समोर पाटावर बसायची, माझ्या चेहऱ्यावरची नजर ढळू द्यायची नाही, आणि मी घोट गिळायच्या आत निकाल द्यायची, "तुजी डावी भुवई वर गेली. आंबट झालंय की!"

उत्साह हा तिचा जन्मजात आजार. ती येण्याआधी तिचं वाक्य येतं. म्हणजे वाक्याची सुरुवात ती रस्त्यातच स्वतःशी करून टाकते आणि फाटक ढकलताना आपल्याला ऐकू येतं ते शेवटचं शेपूट, "...म्हनून म्हनलं, आपन करूनच बगावं!" काय करून बघायचं, हे आपण पाणी देऊन, बसवून, मग उलटं विचारत जायचं. एकदा ते स्कूटर शिकणं होतं. साठीत शिकली आणि पहिल्याच दिवशी शिकवणाऱ्याला मागे बसवून थेट मंद्रूपच्या बाजारात जाऊन आली, कारण थांबायचं कसं हा धडा दुसऱ्या दिवशी होता. एकदा चादरीच्या कारखान्यात जाऊन तिनं मागावर बसू द्या म्हणून हट्ट धरला आणि शेजारच्या तेलुगू बायकांकडून तीनचार शब्द उचलून आणले. ते ती अजून कुठंही वापरते, अर्थ कुणी विचारत नाही. तिची हिंदी फळवाल्या चाचांच्या गाड्यावर तयार झाली आणि कन्नड साय विकायला येणाऱ्या अक्कलकोटकडच्या बाईच्या पाटीशी. ती कुठल्याही भाषेत शिरते ते चपला न काढता.

तर या बाईच्या डोक्यात कॉकटेल शिरलं ते तिच्या मुलामुळं. माझा हा आतेभाऊ, घरातला पिंट्या, परदेशी प्रवाशांच्या एका मोठ्या जहाजावर नोकरीला आहे. निघताना त्यानं "हॉटेल लाइनमधे" एवढंच सांगितलं होतं. पुढं गावाकडच्या कुणीतरी मोबाइलवर त्याचा फोटो दाखवला. काळं जाकीट, गळ्याला बो, आणि मागे बाटल्यांची अशी आरास की गणपतीत मंडळांनीही मान खाली घालावी. फोटो पाहिला तो नेमका आत्याच्या यजमानांनी. आम्ही त्यांना मामा म्हणतो. केम गावी शेती, गळ्यात तुळशीची माळ, आणि तरुणपणी गावातलं दारूचं दुकान बंद करायला सगळ्यात पुढे उभा राहिलेला माणूस. त्यांनी मोबाइल परत दिला आणि "पोरगं दारू वाढतंय" एवढंच बोलले. त्यानंतर दोन वर्षं बापलेक बोलले नाहीत. पिंट्याचा फोन आला की मामा उठून अंगणात जायचे आणि कोरड्या तुळशीला पाणी घालायचे. ती तुळस पुढं पाण्यानं सडली.

आत्यानं दोन्हीकडून समजावून पाहिलं. मग एक दिवस फाटक वाजलं आणि शेपूट ऐकू आलं, "...तर मग घरातच करून दावायचं!" पाणी पिऊन तिनं सांगितलं ते असं. पिंट्याच्या हातचं एक पेय त्या जहाजावर फार चालतं. संत्र्याचा रस, व्हॅनिला, दाट साय आणि थोडीशी व्होडका. दिसायला फिकट केशरी, वर फेस. लोक म्हणे दुसऱ्यांदा त्या जहाजावर येतात ते त्याच्यासाठी. "आता मला सांग," आत्या म्हणाली, "नुसती बाटली उघडायला अक्कल लागत न्हाय. पर हे करायला लागती का न्हाय? मी करून दावते यांना. कळू दे, पोरगं काय करतंय तितं."

दारूच्या दुकानात मला सोबत नेलं. नेलं म्हणजे मी मागे तोंड लपवून उभा होतो. आत्या डोक्यावर पदर, हातात भाजीची पिशवी घेऊन काउंटरला भिडली आणि खणखणीत आवाजात म्हणाली, "संत्र्याचं करायचंय. काय चांगलं हाय?" दुकानदार हळू आवाजात म्हणाला, "मावशी, देशी दारू, संत्रा, हितं न्हाय मिळत. पलीकडच्या गल्लीत जावा." आत्या भडकली. देशी संत्रा पिणारी बाई वाटते का मी, असं तिनं विचारलं, आणि मग रांगेतल्या सगळ्यांना मुलाची नोकरी, जहाज, साय आणि फेस समजावून सांगितला. रांग हलली नाही, पण कुणी कुरकुरलंही नाही. उलट एकानं साय गाईची घ्यावी की म्हशीची, अशी शंका काढली. आत्यानं त्यालाही उत्तर दिलं, "म्हशीचीच! पानी कमी असतंय तिच्यात."

बाटली घरात आली आणि मामांनी कोपऱ्यातली पिशवी उचलली. दोन धोतरं, तंबाखूची डबी, छत्री. "ही घरात हाय तवर मी हितं न्हाय," एवढं बोलून ते गाडी पकडून केमला निघून गेले. आत्या दारात उभी राहिली. मला वाटलं आता रडेल. ती वळली आणि म्हणाली, "चल, संत्री सोल."

पहिलं कॉकटेल फाटलं. संत्र्याच्या आंबटपणानं साय अशी फुटली की पेल्यात वर पाणी आणि खाली पनीर. आत्यानं ते पंच्यात बांधून टांगलं, दुसऱ्या दिवशी वड्या केल्या आणि गल्लीत वाटल्या. एका भजनी मंडळाच्या अध्यक्षीणबाईंनी त्यांची फार तारीफ केली. दुसरंही फाटलं. तिसऱ्या वेळी आत्यानं जहाजावर व्हिडिओ कॉल लावला. दुपार होती, पिंट्या कामावर जायच्या तयारीत होता. आईनं दुधाच्या किटलीत कॉकटेल हलवलेलं बघून तो आधी पोट धरून हसला, मग एकदम गंभीर झाला.

"आई, साय आधी घालू नको. सगळं गार कर. रस, पेला, किटली, समदं. रस थोडाच घे, साल किसून घाल, वास सालीत असतोय. साय शेवटी."

"शेवटी म्हंजे कवा?"

"तू बोलायची थांबशील तवा!"

त्या दिवसापासून मायलेकांचा रोज फोन चालू झाला. सोलापूरचा मे महिना, वीज जाते, बर्फ किटलीत पडेपर्यंत पाणी होतो, पंखा बंद, आणि आत्या घामानं निथळत किटली कानाशी हलवतेय, देवघरातली घंटा वाजवावी तशी. मला बशीतून घोट, माझ्या बायकोला घोट, आणि आमच्या भुवयांवर तिचे डोळे. शेवटी एका दुपारी पेला ओठाला लागला आणि मी काही बोलायच्या आत आत्या उडाली. "आलं! आलं! तुजं कपाळ गुळगुळीत झालं!" खरंच आलं होतं. थंड, मऊ, आधी संत्र्याची साल नाकात, मग व्हॅनिला, मग सायीचा गोडवा, आणि दारू कुठं लपली होती कुणास ठाऊक. मी दुसरा पेला मागितला. तिनं दिला नाही. "आता मामांना नेऊ."

मामांचा पेला बिनदारूचा. यावर तिनं देवाची शपथ घेतली. दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं आम्ही केमला निघालो. थर्मासमध्ये रस, थर्माकोलच्या डब्यात बर्फ आणि साय, मांडीवर किटली. रेल्वेच्या डब्यात कुणी विचारलं नाही, तरी तिनं सगळ्यांना सांगितलं, "कॉकटेल घिऊन चाललेय नवऱ्याला." समोरच्या म्हातारीनं विचारलं, "औशद हाय का बाई?" आत्या थोडा विचार करून म्हणाली, "व्हय, औशदच म्हना."

मामा शेतात लिंबाखाली बसले होते. आम्हाला बघून "या" म्हणाले, पण उठले नाहीत. आत्यानं बाजेवर संसार मांडला. तिला पिंट्या समोर हवा होता, म्हणून फोन लावायला घेतला, तर रेंज नाही. ती बांधावर गेली, विहिरीपाशी गेली, हात उंच करून गोल फिरली. मामा बराच वेळ बघत राहिले. मग म्हणाले, "तितं न्हाय येत. हितं येती, माज्या खांद्यापाशी." खरंच, रेंज तेवढ्याच एका जागी होती. फोन मामांच्याच हातात द्यावा लागला. एका हातानं त्यांनी तो धरला आणि तोंड दुसरीकडे फिरवलं. पडद्यावर पिंट्या आला, काळं जाकीट, गळ्याला बो.

आत्या किटली हलवायला लागली. रस, साल, व्हॅनिला. पिंट्या सवयीनं बोलायला लागला, "आई, जोरात. अजून जोरात. आता बर्फ काढ. आता साय. हळू, धार बारीक..." आणि मध्येच थांबला. मामांचं तोंड कधी वळलं होतं ते मला कळलं नाही. ते फोनकडे बघत होते.

"आप्पा," पिंट्या म्हणाला, "वाळलाय तुमी."

मामांनी फोन दोन्ही हातांनी धरला. मग म्हणाले, "रोज असलं किती करतूस?"

"लई करतो, आप्पा. रात्री हात दुकतो."

आत्यानं पेला पुढं केला. मामांनी हुंगला, माळेला हात लावला, तिच्याकडे संशयानं पाहिलं. "न्हाय घातलं," ती म्हणाली, "पोराची शपत." त्यांनी घोट घेतला. आत्या पाटावर बसावी तशी मातीत बसली होती, त्यांच्या भुवयांकडे बघत. मामांच्या भुवया पांढऱ्या आणि दाट आहेत, त्यांतून काही कळणं अवघड. त्यांनी पेला रिकामा करून खाली ठेवला, मिशी पुसली आणि फोनला म्हणाले, "हाताला तिळाचं तेल लावत जा. मिळतंय का तितं?"

मामा त्याच संध्याकाळी परत आले. बाटली घरातून गेली. आत्यानं ती मला दिली आणि कुठंही ठेव म्हणाली. पिंट्याची सुट्टी दोनदा लांबली, तो अजून आलेला नाही. येईल. पण रोज दुपारी फोन येतो आणि आता तो मामाच उचलतात, अंगणात खुर्ची टाकून, मोठमोठ्यानं, पाऊस, पीक, हाताचं दुखणं. परवा मी त्यांच्या घरी गेलो तेव्हा फाटकात कुणाचंच वाक्य ऐकू आलं नाही. आत्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसली होती. मला बघून तिनं ओठांवर बोट ठेवलं. बाहेर मामा कशावर तरी हसत होते, आणि ती कान देऊन ऐकत होती. मी तिच्या शेजारी बसलो. तिला इतका वेळ गप्प बसलेलं मी तोवर कधीच पाहिलं नव्हतं.