गिटारीतली गिरणी

राहुरीत व्होल्टेज पडलं की अख्खं गाव वीजवाल्यांच्या नावानं बोटं मोडायचं. खूश होणारा माणूस एकच, आणि तो नेमका माझा आतेभाऊ असावा हे माझं नशीब. आम्ही त्याला दादा म्हणायचो. नव्वदच्या दशकात दर वर्षी चौदा एप्रिलच्या जयंतीसाठी दादा घरच्याच खोलीत गाणी रेकॉर्ड करून कॅसेट काढायचा. त्यासाठी त्यानं कुठूनसा एक जुना कीबोर्ड पैदा केला होता. बाहेरचा कुठलाही आवाज त्यात भरून फ्लॉपीवर ठेवायचा आणि मग तोच आवाज पट्ट्यांवर हव्या त्या सुरात वाजवायचा, अशी त्याची करामत. माणसानं त्यात बासरी भरावी, सनई भरावी. ह्याला हवी होती फाटलेल्या आवाजाची गिटार. "गोड आवाज लग्नाला ठीक हाय," तो म्हणायचा, "जयंतीला गिटार डरकाळली पायजे." शेतातल्या मोटारी सुरू होऊन दिवा पिवळा पडला की त्याचा जुना अ‍ॅम्प्लिफायर गुदमरायचा आणि गिटार अशी काही फाटायची, की दादाच्या डोळ्यांत पाणी यायचं. आम्ही मेणबत्ती शोधत असू आणि हा डोळे मिटून म्हणे, "काय सुरेख व्होल्टेज पडलंय."

गिटार वाजवायचे श्रीरामपूरचे एक काका. रेल्वेतून निवृत्त, रविवारी चर्चमध्ये वाजवणारे, अगदी मऊ बोलणारे. पण तार ओढून सूर असा चढवायचे, की दादा म्हणे, "ही तार दुसऱ्या कुणाच्या बोटाचं ऐकत न्हाई." ते काका कायमचे मुलीकडे नाशिकला निघाले. जाण्याआधी एका दुपारी दादाच्या कीबोर्डात सूर भरून द्यायला गिटार घेऊन आले. संध्याकाळच्या गाडीनं परतायचं होतं. आणि आदल्याच दिवशी अवकाळी पाऊस पडून गेलेला. शेतं भिजलेली, मोटारी बंद, दिवा लख्ख. गिटार शाळेतल्या प्रार्थनेसारखी स्वच्छ वाजू लागली. दादाचं तोंड पाहवेना. "काका, आज न्हाई गावलं तर गेलंच की वो," तो म्हणाला, आणि एकदम उठून बाहेर पळाला.

शेजारी मावशींची पिठाची गिरणी होती. ती सुरू झाली की आमच्या आळीतले दिवे माना टाकायचे. पण रिकामी गिरणी त्या चालवू देईनात. मग हा पठ्ठ्या दारोदार, "दळण हाय का, दळण?" ज्यानं घरात कधी पाण्याचा तांब्या उचलला नाही, तो डोक्यावर डबे घेऊन धावतोय! कुणाचे गहू, कुणाची बाजरी, विचारायचं कोणाला सुचतंय? त्या रात्री निम्म्या आळीनं काळ्या पोळ्या खाल्ल्या आणि दादाचा उद्धार केला. पण गिरणी घरघरली, दिवा पिवळा पडला, काकांनी तार ओढली आणि खोली हादरली. थोड्या वेळानं खिडकीतून मावशींचा आवाज आला, "दळण संपत आलंय रे, उरका तुमचं." उरकलं. काकांना गाडीही मिळाली.

मग आम्ही कीबोर्डाच्या पट्ट्या दाबून ऐकायला बसलो. खिडकी उघडीच राहिली होती, त्यामुळे प्रत्येक सुराखाली गिरणी! वरच्या पट्टीला ती पळायची, खालच्या पट्टीला रेंगाळायची. मी कपाळाला हात लावला. दादा म्हणाला, "असू दे. काका तर ह्यात आले ना?" पुढच्या सगळ्या कॅसेटी त्या गिटारीवरच निघाल्या.

दोन-तीन वर्षांनी काका नाशिकलाच वारले. मावशीही गेल्या आणि गिरणीला कुलूप लागलं. दादाकडे कॉम्प्युटर आला, शेकडो तयार गिटारींची सीडी आली. त्यानं सगळ्या ऐकल्या. "साफ हायेत," तो म्हणाला, "पण ह्यात पीठ पडत न्हाई."

त्या साली जयंतीच्या मिरवणुकीत काकांच्या गिटारीचं जुनंच गाणं लागलं होतं. टेम्पो आमच्या आळीत शिरला आणि गिरणीच्या बंद दारासमोर दादानं हात करून तो थांबवला. मागून लोक ओरडायला लागले, ड्रायव्हर वैतागला. स्पीकरमधून गिटारीखाली मावशींची गिरणी घरघरत होती. दादा दाराकडेच बघत होता.

"थांब जरा," तो ड्रायव्हरला म्हणाला. "दळण होऊ दे."