कर्जतच्या बाजारातला 'चिनी'

कर्जतच्या बाजारात बूट शिवणाऱ्या त्या माणसाचं नाव मी कधी विचारलंच नाही. सगळे त्याला 'चिनी' म्हणत, मीही म्हणायचो. जन्म त्याचा इथलाच. ओठांत खिळे धरून तो आमच्याच बोलीत गप्पा मारायचा.

बासष्टची लढाई सुरू झाली आणि शेजारचा चहावाला त्याला म्हणाला, "तुला आता चहा नाय. तू बाहेरचा." बाकावरचे सगळे हसले. एरवी एकमेकांना आपल्या विहिरीवर पाणी भरू न देणारी ही माणसं, त्या घटकेला मात्र 'आपण' झाली होती!

त्यानं ओठांतले खिळे काढून हातात घेतले. "चीनमदी आमच्या लोकांना हक्का बोलतात. हक्का म्हंजे पावणे. शेकडो वर्सं तिथं राहून आमी पावणेच. इथं जन्मलो, तर चिनी. मंग मी कुठला, ते तरी सांग रं."

महिन्याभरात दुकान बंद करून तो निघून गेला. कुठे, ते कुणी विचारलं नाही.

त्या बाकावर मीही बसलो होतो, याचा आजही संताप येतो. उठून जाण्याऐवजी मी माझा चहा शेवटच्या घोटापर्यंत प्यायलो.