बेन्शीने बदललेला सिनेमा

हजेरीच्या ‘यस सर’पलीकडे आमच्या बेन्शीने वर्गात कधी शब्द काढल्याचं मला आठवत नाही. हा सिद्धगडाच्या पायथ्याचा. एकदा उत्तर देताना तोंडातून ‘नाय’ निघालं, वर्ग फिदीफिदी हसला, तेव्हापासून त्यानं तोंडाला कुलूपच लावलं. शहापूरच्या होस्टेलात आम्ही एका खोलीत राहायचो. तिथे मात्र त्याची टकळी थांबायची नाही.

हे नाव त्याला फिल्म क्लबात मिळालं. आमच्या सरांना जुन्या जपानी मूकपटांचं भारी वेड. तिकडे पडद्याशेजारी उभा राहून एक माणूस सगळ्या पात्रांचं बोलणं बोलायचा, त्याला बेन्शी म्हणत, असं ते सांगायचे. मी ह्यालाच पुढे ढकललं. अंधारात आपलं तोंड कुणाला दिसत नाही म्हटल्यावर गडी जो सुटला! पडद्यावर जो तो कमरेत वाकून नमस्कार करत होता. हा म्हणाला, “काय नाय, शेतकरी मानसं ती. चिखल किती झाला ता बगतात.” अंगात झगा आणि डोक्यावर साहेबाची हॅट घातलेला विद्यार्थी आला, तर म्हणे, “आमचे आज्याचा लग्नातला फोटो असाच हाय.” पोरं हसून लोळली. सरांनीही चूक सुधारली नाही.

दुसऱ्या वर्षाला बेन्शी नापास झाला. घरी वडिलांना फोनवर मात्र “सगळा बरा हाय, आबा.” मी सांगून सांगून थकलो. “सांगीन रे, टाइम बगून सांगीन,” म्हणायचा. तो टाइम काही येईना, आणि ह्याचं जेवण मात्र तुटलं.

एका दुपारी आबाच मुरबाडहून एसटीने भेटायला आले. क्लब सुरू झाला होता, म्हणून मी त्यांना मागच्या बाकावर बसवलं. बेन्शीने त्यांना पाहिलं. सिनेमाही नेमका तसलाच: गावचा मुलगा शहरात शिकायला येतो, नापास होतो, आणि बाप भेटायला येतो. पडद्यावर इंग्रजी पाटी आली, ‘बाबा, मी पास झालो.’

बेन्शीने ती वाचली नाही. पडद्याकडे पाठ करून तो म्हणाला, “आबा, मी नापास झालो. तुमाला सांगायची हिंमत नाय झाली.”

मागून आवाज आला, “मंग परत बस परीक्षेला. त्यात रडतोस कशाला?”

कुणीतरी मस्करी केली असं वाटून पोरांनी टाळ्या पिटल्या. बेन्शी मागे गेला, आबांनी सरकून जागा दिली. पडद्यावरचा बाप मुलगा पास झाला म्हणून हसत गावी निघाला होता. त्याचं बोलणं बोलायला पडद्याशेजारी कुणीच नव्हतं.